अमेरिकेतील बिनमुकुटाचे झार

रोमन ‘सीझर’ या नावापासून स्लाव्ह भाषांत उतरलेला ‘झार’ हा किताब १५४७ मध्ये चौथ्या इव्हानने राज्याभिषेकासमयी धारण केला आणि पुढे तो रशियाच्या अनियंत्रित राजसत्तेची ओळख होऊन बसला. मराठीतही ‘झारशाही’ म्हणजे जुलमी सत्ता असाच अर्थ रूढ आहे. राजसत्ता झुगारून जन्मलेल्या अमेरिकेत मात्र हाच शब्द सरकारनियुक्त अधिकाऱ्यांचे लौकिक बिरुद बनला.

आरंभी ही निंदाच होती. राष्ट्राध्यक्ष अँड्र्यू जॅक्सन आणि ‘सेकंड बँक ऑफ द युनायटेड स्टेट्स’ यांच्यातील संघर्षात बँकेचे अध्यक्ष निकोलस बिडल यांना जॅक्सनपक्षीयांनी ‘झार निकोलस’ ठरवले. रशियाच्या गादीवर तेव्हा पहिला निकोलस असल्याने हा वार नेमका बसला. १८९० मध्ये प्रतिनिधिगृहाचे सभापती थॉमस रीड यांच्या वाट्यालाही हेच नाव आले. सभागृहात बसूनही हजेरीला उत्तर न देता गणपूर्ती, म्हणजे कामकाजासाठी लागणारी किमान उपस्थिती, मोडून काढण्याची अल्पसंख्य पक्षाची युक्ती त्यांनी बंद पाडली आणि समोर दिसणाऱ्या सदस्यांना हजर धरण्याचा निर्णय दिला, हे त्याचे कारण.

१९१७ मध्ये दुसऱ्या निकोलसने पदत्याग केल्यावर गादीच उरली नाही, आणि या शब्दाची धार बोथट होण्यास त्याचा हातभार लागला असावा. पहिल्या महायुद्धात युद्ध-उद्योग मंडळाचे प्रमुख बर्नार्ड बरुक हे उद्योगांचे झार म्हणवले गेले. १९१९ च्या बेसबॉल विश्वमालिकेतील लाचखोरी उघडकीस आल्यावर संघमालकांनी न्यायाधीश केनेसॉ माउंटन लँडिस यांना जवळजवळ अमर्याद अधिकार देऊन आयुक्त नेमले, आणि इथे अर्थाने खरी कलाटणी घेतली; सत्ता बळकावणाऱ्यासाठी वापरला जाणारा शब्द आता जिच्या हाती सत्ता विश्वासाने सोपवली जाते, अशा व्यक्तीलाही लागू पडू लागला.

या बदलाचे सर्वांत बोलके उदाहरण दुसऱ्या महायुद्धातील रबराचे आहे. जपानने मलाया आणि डच ईस्ट इंडीज जिंकल्यामुळे अमेरिकेचा नैसर्गिक रबराचा मुख्य पुरवठा तुटला, कृत्रिम रबराचे कारखाने अजून उभे राहायचे होते, आणि टायर झिजू नयेत म्हणून पेट्रोलचे रेशनिंग करण्याची पाळी आली. बरुक यांच्याच अध्यक्षतेखालील समितीच्या शिफारशीनुसार सप्टेंबर १९४२ मध्ये युनियन पॅसिफिक रेल्वेचे अध्यक्ष विल्यम जेफर्स यांची रबर संचालक म्हणून नेमणूक झाली आणि वृत्तपत्रांनी त्यांना ‘रबर झार’ केले. तथापि हे पद युद्ध-उत्पादन मंडळाच्या रचनेतच होते. म्हणजे या झाराच्या वर अधिकारी होता, आणि रबरासाठी लागणारी यंत्रसामग्री लष्कराच्या इतर गरजांशी झगडूनच मिळवावी लागत होती. अनेक खात्यांत विखुरलेले काम एका माणसाकडून करून घ्यायचे, पण त्या खात्यांवर त्याला कायद्याने पूर्ण हुकमत द्यायची नाही, या विसंगतीतच हे बिरुद फोफावले.

तेलटंचाईच्या काळात, १९७३ च्या अखेरीस, विल्यम सायमन ‘ऊर्जा झार’ झाले. १९८८ च्या कायद्याने अमली पदार्थ नियंत्रणाचे स्वतंत्र कार्यालय निर्माण केले. त्याचा संचालक लोकांच्या तोंडी ‘ड्रग झार’ असला, तरी त्याच्या नेमणुकीला सिनेटची संमती लागते. राष्ट्राध्यक्षांच्या कार्यालयातील सल्लागारांना मात्र ती लागत नाही, आणि खरा घटनात्मक प्रश्न तिथेच आहे. फेब्रुवारी २००९ मध्ये ज्येष्ठ सिनेटर रॉबर्ट बर्ड यांनी स्वपक्षाचेच राष्ट्राध्यक्ष बराक ओबामा यांना पत्र लिहून अशा पदांमुळे सत्तेचा समतोल ढळतो, असा इशारा दिला. तो सर्वस्वी योग्य होता, कारण संसदेपुढे जाब द्यायला न येणारा अधिकारी धोरण ठरवू लागला की जबाबदारी कोणाची, हेच कळेनासे होते. एप्रिल २०११ मध्ये संमत झालेल्या खर्चविषयक कायद्याने आरोग्य-सुधारणा, हवामान, मोटार-उद्योग आणि नागरी विकास या विषयांवरील अशा चार पदांच्या वेतनासाठी सरकारी निधी वापरण्यास मनाई केली.