पडद्यावर नाव नसलेली मे

सिनेमा म्हटलं की आपल्याला नायिका आठवते. तिच्या मागे घागर घेऊन उभी असलेली, दार उघडणारी, बाळाला खेळवणारी बाई कोण, हे आपण विचारत नाही. आज आम्ही अशाच एका बाईची गोष्ट सांगणार आहोत. ती आहे इंग्लंडातली, सव्वाशे वर्षांपूर्वीची. पण गोष्टीचं एक टोक आपल्या दादरला येऊन पोचतं.

लंडनजवळ टेम्स नदीच्या काठी वॉल्टन नावाचं गाव आहे. तिथे सेसिल हेपवर्थ नावाच्या माणसाने सिनेमे काढायला सुरुवात केली. कारखाना छोटा, घरगुतीच म्हणा ना. त्यात मे क्लार्क नावाची तरुण मुलगी कामाला होती. काही ठिकाणी तिचं नाव मेबेल असंही लिहिलेलं सापडतं. तिचं काम फिल्मच्या पट्ट्या कापायच्या नि जोडायच्या खोलीत. पण कारखाना लहान असला की हाताला येईल ते करावं लागतं, हे आपल्याला काय सांगायचं! कपडे शिवणं, देखावे सजवणं, सुतारकामाला हात लावणं, सगळं तिने केलं. आणि कॅमेऱ्यासमोर माणूस कमी पडलं, की तिलाच उभं करायचे.

१९०३ मध्ये हेपवर्थ आणि पर्सी स्टो यांनी ‘ॲलिस इन वंडरलँड’ काढला. त्या पुस्तकावरचा हा पहिला सिनेमा, जेमतेम १२ मिनिटांचा. तेव्हा इंग्लंडात एवढा लांब सिनेमा कुणी काढला नव्हता. त्यात ॲलिस झाली मे. सशाचं आणि राणीचं काम मालकिणीने केलं, बेडकाचं खुद्द मालकाने. मांजर घरचंच.

दोन वर्षांनी, १९०५ मध्ये, ‘रेस्क्यूड बाय रोव्हर’ आला. गोष्ट मालकिणीने लिहिली. बाळ त्यांचंच, कुत्राही त्यांचाच. बाबागाडीतून बाळाला फिरायला नेणारी आया झाली मे. ही आया एका शिपायाशी बोलण्यात रमते, तेवढ्यात भिकारीण बाळ उचलून नेते, आणि कुत्रा नदी पोहून जाऊन बाळाचा पत्ता काढतो. खर्च आला सात पौंड, १३ शिलिंग, ९ पेन्स. लोकांना सिनेमा इतका आवडला, की ३९५ प्रती विकल्या गेल्या. मूळ फिल्म झिजली म्हणून सगळा सिनेमा आणखी दोनदा नव्याने काढावा लागला.

पण पडद्यावर कुणाचंच नाव नव्हतं. तेव्हा तशी पद्धतच नव्हती. लोकांच्या लक्षात राहिला तो कुत्रा.

१९०७ मध्ये मेने नॉर्मन व्हिटन यांच्याशी लग्न केलं. तेही सिनेमाच्याच धंद्यातले. पुढे ती दोघं आयर्लंडला गेली. डब्लिनमध्ये व्हिटन यांनी बातम्यांचे छोटे चित्रपट काढले. इकडे १९२४ मध्ये हेपवर्थ कर्जात बुडाले. त्यांच्या फिल्म विकल्या गेल्या आणि वितळवल्या गेल्या. ‘ॲलिस’ची एक जुनी, फाटकी प्रत वाचली, ती २०१० मध्ये दुरुस्त केली गेली. म्हणून मे आज आपल्याला दिसते तरी.

आता दादरचं टोक. १९१२ मध्ये आपले दादासाहेब फाळके सिनेमा शिकायला लंडनला गेले, तेव्हा त्यांनी पाहिला तो याच हेपवर्थांचा स्टुडिओ. मे तोवर तिथून गेलेली होती. फाळके परतले आणि दादरच्या घरात ‘राजा हरिश्चंद्र’ सुरू झाला. तेव्हा कच्च्या फिल्मला कडेची भोकं नसायची. काळोखात बसून ती पाडली सरस्वतीबाई फाळक्यांनी. फिल्म धुणं, रसायनं कालवणं त्याच करायच्या. उन्हात पांढरी चादर धरून उजेड पाडायच्या, आणि वर साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक. त्या सिनेमात तारामती झाले साळुंके नावाचे पुरुष, कारण बाई मिळाली नाही. पण पडद्यामागे बाई होतीच की!

वॉल्टनची मे आणि दादरच्या सरस्वतीबाई कधी भेटल्या नाहीत. एकीला इतिहासात ‘किरकोळ भूमिका करणारी नटी’ म्हणतात, दुसरीला ‘फाळक्यांची पत्नी’. आम्हाला वाटतं, दोघींनाही आधी ‘सिनेमाची कामगार’ म्हणायला हवं. भूमिका लहान होती, काम लहान नव्हतं.

आपल्या घरातही असंच होतं. दुकान सासऱ्यांचं, शेत दिराचं, गिरणी भावाची. मग पहाटे उठून गल्ला, गोठा, पोती सांभाळणारी कोण? ‘ती जरा मदत करते.’ मैत्रिणींनो, आज संध्याकाळी एक वही घ्या. आजीने, आईने, जावेने काय काय काम केलं ते त्यांनाच विचारा आणि लिहून काढा. वरती त्यांचं पूर्ण नाव लिहा, माहेरचंसुद्धा. आणि आम्हालाही कळवा, आम्ही ते इथे वाचून दाखवू.