‘आर्बलेस्टर’ : शस्त्र गेले, शब्द उरला

मध्ययुगीन युरोपच्या इतिहासात ‘आर्बलेस्टर’ हा शब्द आढळतो. क्रॉसबो, म्हणजेच आडव्या धनुष्याने लढणारा सैनिक, असा त्याचा अर्थ. लाकडी दांड्यावर आडवे बसविलेले धनुष्य, मागे ओढून अडकविलेली प्रत्यंचा आणि खटका दाबताच सुटणारा आखूड, जाड बाण अशी या शस्त्राची रचना असे.

शब्दाचे मूळ लॅटिन आहे. ‘आर्कुस’ म्हणजे धनुष्य आणि ‘बॅलिस्टा’ म्हणजे दगड वा बाण फेकणारे युद्धयंत्र. या दोहोंपासून ‘आर्कुबॅलिस्टा’ हा सामासिक शब्द तयार झाला. जुन्या फ्रेंचमध्ये त्याचे ‘आर्बालेस्त’ झाले आणि तेथून तो इंग्रजीत आला. त्यातील ‘बॅलिस्टा’चे नाते ‘फेकणे’ या अर्थाच्या ग्रीक धातूशी आहे. आज बातम्यांत वाचावयास मिळणारा ‘बॅलिस्टिक’ क्षेपणास्त्रातील शब्द याच कुळातला. जर्मन लोकांनी मात्र या परक्या शब्दाला ओळखीचे रूप दिले. त्यांचा ‘आर्मब्रुस्ट’ हा शब्द हात आणि छाती यांपासून बनल्यासारखा वाटतो. पण तो केवळ उच्चारसाम्याचा खेळ आहे.

या सैनिकांविषयी युरोपात धाक होता. साध्या धनुष्यावर हुकमत मिळविण्यास वर्षानुवर्षांचा सराव लागे. क्रॉसबो मात्र अल्प शिक्षणाने चालविता येई. त्यामुळे सामान्य शिपाईही चिलखतधारी सरदाराला दुरून लोळवू शके. ११३९ मध्ये रोम येथील दुसऱ्या लॅटरन धर्मपरिषदेने ख्रिस्ती लोकांविरुद्ध असे सैनिक व तिरंदाज वापरण्यास मनाई केली. ती कोणी फारशी पाळली नाही. ११९९ मध्ये इंग्लंडचा राजा पहिला रिचर्ड फ्रान्समधील शालू येथे क्रॉसबोच्याच बाणाने जखमी होऊन मरण पावला. पुढे १२१५ च्या मॅग्ना कार्टात राजा जॉनला परदेशी सरदार, भाडोत्री सैनिक आणि ‘बॅलिस्टारिओस’ यांना देशाबाहेर घालविण्याचे वचन द्यावे लागले. हा लॅटिन शब्द आर्बलेस्टरांसाठीच योजलेला आहे. याउलट फ्रान्समध्ये या सैनिकांचा प्रमुख हे राजदरबारातील मानाचे पद होते.

वेग हा मात्र या शस्त्राचा कच्चा दुवा. १३४६ मध्ये क्रेसीच्या लढाईत फ्रान्सच्या बाजूने लढणारे जिनोआचे आर्बलेस्टर इंग्रजांच्या जलद बाणवर्षावापुढे टिकले नाहीत. पुढे बंदुकीने क्रॉसबोला रणांगणावरून हळूहळू हद्दपार केले.

सैनिक गेले, तरी त्यांचे नाव आडनावांत राहिले. स्पॅनिश गोल्फपटू सेव्हे बॅलेस्टेरॉस (१९५७-२०११) यांच्या आडनावाचा अर्थ ‘क्रॉसबोधारी’ असाच आहे. इंग्लंडमधील ‘आर्ब्लास्टर’ हे आडनाव तर थेट या व्यवसायावरून आले. तेथीलच ‘अलाबास्टर’ हे आडनाव ऐकून त्या नावाचा पांढरा दगड आठवतो. परंतु त्याचाही उगम दगडात नसून धनुष्यात आहे.