माघार नव्हे, तहकुबी : महाडचा धडा

केस मागे घेतली म्हणजे आपण हरलो, असे वस्तीत सर्रास म्हटले जाते. आम्हाला ते मान्य नाही. महाड आठवा.

20 मार्च 1927 रोजी बाबासाहेबांनी चवदार तळ्याचे पाणी प्राशन केले. डिसेंबरमध्ये पुन्हा सत्याग्रह ठरला, तेव्हा सनातन्यांनी दिवाणी कोर्टातून तात्पुरता मनाईहुकूम आणला. 25 डिसेंबरला मनुस्मृतीचे दहन झाले. तळ्यावरचा सत्याग्रह मात्र परिषदेने ठराव करून तहकूब केला. हक्क सोडला नाही. दावा लढवत राहिलो आणि 17 मार्च 1937 रोजी मुंबई उच्च न्यायालयात जिंकलो.

कायदाही हाच फरक करतो. 1908 च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील आदेश 23 नुसार कोर्टाच्या परवानगीने दावा मागे घेतला तर त्याच कारणासाठी नवा दावा करता येतो. परवानगीविना घेतला तर दार बंद. 1986 मध्ये सरगुजा ट्रान्सपोर्ट खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हे तत्त्व उच्च न्यायालयातील रिट याचिकांनाही लावले. शिवाय परवानगी मिळाली तरी दाव्याची मुदत वाढत नाही.

म्हणून गायरानाची असो वा स्मशानभूमीची, सदोष याचिका रेटून फेटाळून घेण्यापेक्षा ती मागे घेऊन नीट बांधणे शहाणपणाचे. पण वकिलाच्या तोंडी आश्वासनावर विसंबू नका. ‘पुन्हा दाखल करण्याची मुभा’ हे शब्द कोर्टाच्या आदेशात आलेत का, ते स्वतः वाचा. महाडची तहकुबी ठरावाने झाली होती. आपली मुभाही कागदावर हवी.

जय भीम!