नाशिकला नावेतून पाहायचे तर

वाराणसीहून परतलेला माणूस आधी नावेची गोष्ट सांगतो. पहाटेचे धुके, घाटांच्या पायऱ्या आणि नावाडी एकेका घाटाचे नाव घेत जातो ते. लंडनला गेलेले थेम्समधल्या बोटीचे सांगतात, कैरोचे नीलचे, आणि अलीकडे अहमदाबादचे पाहुणेसुद्धा साबरमतीतल्या क्रूझचे फोटो दाखवतात. नाशिकच्या माणसाला विचारा, ‘तुमच्या गोदावरीतून शहर पाहता येते का?’ तो तुम्हाला गंगापूर धरणावरच्या बोट क्लबला पाठवील. तिथे पाणी मुबलक आहे, डोंगर देखणे आहेत, पण शहर दिसत नाही. गांधी तलावातल्या होडीत बसलात तर चार वल्ही मारेपर्यंत काठ येतो.

२०२७चा सिंहस्थ जवळ आला आहे. नदीकाठाच्या सुशोभीकरणाच्या चर्चा सुरू आहेत आणि ‘आपल्याकडेही बोट हवी’ असे कोणी ना कोणी म्हणतच असते. माझा प्रश्न त्याच्या पुढचा आहे. उद्या खरोखरच बोट निघाली, तर तिच्यावरचा माणूस प्रवाशांना काय सांगणार? आणि काय गाळणार?

नदीकाठची जुनी शहरे आपले तोंड पाण्याकडे करून उभी असतात. रस्त्यावरून फिरताना आपण एका मोहल्ल्यातून दुसऱ्या आळीत जातो, आणि कुठे काय बदलले ते आपल्याला लगेच कळते. पाण्यातून सगळा काठ एका ओळीत दिसतो. काशीचे आजचे पुष्कळसे घाट अठराव्या शतकात बांधले गेले किंवा दुरुस्त झाले, आणि त्यात मराठी सरदारांचा, अहिल्याबाई होळकरांचा वाटा मोठा आहे. त्याच रांगेत पंचगंगा घाटावर औरंगजेबाच्या काळातली आलमगीर मशीद आहे. तिच्या जागी आधी बिंदुमाधवाचे मंदिर होते. पण लोकांनी तिच्या मिनारांना नाव दिले ते ‘माधवरायाचा धरहरा’. ते उंच मिनार आज उरलेले नाहीत, नाव उरले आहे. मंदिर पाडले गेले ही गोष्ट त्या नावात आहे, मशीद उभी राहिली हीही आहे. नावाड्याने यातले एक सांगून दुसरे गाळले तर त्याने अर्धाच घाट दाखवला.

गोदावरीची अडचण अशी की नाशिकमध्ये ती नावेची नदी नाही. ब्रह्मगिरीवरून निघून जेमतेम तीसेक किलोमीटर आलेली ही नदी काळ्या खडकावरून वाहते. उन्हाळ्यात जागोजागी पायी ओलांडता येईल इतकी उथळ आणि पावसाळ्यात कोणाला न जुमानणारी. नाशिकच्या इतिहासात नाव मात्र फार जुनी आहे. पांडवलेण्यांतल्या दहाव्या लेण्यात उषवदाताचा शिलालेख आहे. हा क्षत्रप नहपानाचा जावई, म्हणजे सुमारे १९०० वर्षांपूर्वीचा माणूस. आपल्या दानधर्माची यादी देताना त्याने कोरून ठेवले आहे की इबा, पारदा, दमणा, तापी, करबेणा आणि दाहानुका या नद्यांवर त्याने फुकट नावा सुरू केल्या. दमणा म्हणजे दमणगंगा आणि दाहानुका म्हणजे डहाणूची नदी हे आपल्यालाही ओळखता येते. त्या यादीत गोदावरी नाही.

वर्गात मी हा लेख समजावतो तेव्हा उर्दू माध्यमाची मुले लगेच म्हणतात, ‘सर, ये तो सदका-ए-जारिया हुआ.’ बरोबर आहे. विहीर खोदणे, सराई बांधणे, नदीवर नाव ठेवणे, म्हणजे आपण गेल्यावरही लोकांच्या उपयोगी पडत राहील असे दान. धर्म बदलले, भाषा बदलल्या, पुण्याची ही कल्पना तीच राहिली.

तर आपणही मनातल्या मनात एक नाव सोडू या. पाऊस सरून गेलेला, पाणी अजून टिकून असलेले, असे दिवस धरा. सुरुवात वरच्या अंगाला, आनंदवल्लीपासून. हे नाव राघोबादादांच्या आनंदीबाईंचे. त्याच भागात जलालपूर गाव आहे. पेशव्यांच्या घरातली बाई आणि कोणी जलाल, दोघांची नावे नदीने एकाच वळणात सांभाळली आहेत. पुढे नवश्या गणपती येतो. राघोबादादा आणि आनंदीबाईंच्या नवसाशी त्याची कथा जोडलेली आहे, आणि जवळच दर्गा आहे. नवस बोलायला येणारी माणसे दोन्हीकडे येतात.

तिथून खाली अहिल्यादेवी होळकर पूल. जुनी माणसे अजून ‘व्हिक्टोरिया पूल’ म्हणतात. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस तो झाला, तोवर पावसाळ्यात नाशिक आणि पंचवटी यांच्यामध्ये नदी आडवी येई. पुलाखालून जाताना भाषेच्या शिक्षकाला एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही. ‘पूल’ हा शब्द फारसी. ‘किनारा’ फारसी. ‘जहाज’ आणि ‘खलाशी’ अरबीतून आलेले. गंमत ‘दर्या’ची आहे. उर्दूत ‘दरिया’ म्हणजे नदी, मराठीत ‘दर्या’ म्हणजे समुद्र. त्यामुळे उर्दूतला धडा मराठीत सांगताना दरिया म्हणजे नदीच, हे मुलांना पुन्हा पुन्हा बजावावे लागते. ‘घाट’, ‘नाव’, ‘होडी’ हे शब्द आपापल्या जागी आहेतच. घाटावर उभा राहून पुलाकडे बोट दाखवणारा मराठी माणूस एका वाक्यात दोन परंपरा बोलून जातो आणि त्याला त्याचा पत्ताही नसतो.

पुलाच्या पुढे डाव्या हाताला पंचवटी आणि रामकुंड. नारोशंकराचे मंदिर १७४७चे. त्याच्या भिंतीतली मोठी घंटा पोर्तुगीजांची, मराठ्यांनी १७३९ मध्ये वसई जिंकली त्या विजयाची खूण. चर्चची घंटा गोदाकाठच्या शिवमंदिरात कशी आली, याचे नाशिककरांना कौतुक आहे आणि ते सांगताना कोणाला संकोच वाटत नाही. थोडे आत काळाराम मंदिर. नदीवरून सगळा काठ एक दिसतो असे मी म्हणालो, पण तो सगळ्यांना सारखा खुला होता असे कोणी समजू नये. २ मार्च १९३० रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली काळाराम मंदिर प्रवेशाचा सत्याग्रह इथेच सुरू झाला आणि तो काही वर्षे चालला. बोटीवरच्या माणसाने हे सांगितले नाही तर त्याने पंचवटी दाखवली असे म्हणता येणार नाही.

पात्रात दुतोंड्या मारुती उभा आहे. नाशिकचा पूर अजूनही याच मारुतीवर मोजला जातो. ‘पाणी गुडघ्याला लागले’, ‘कमरेला लागले’, ‘गळ्यापर्यंत आले’. १९६९, २००८, २०१६, २०१९ ही वर्षे जुन्या नाशकात घरोघरी माहीत आहेत. सराफ बाजारात आणि भांडी बाजारात पाणी शिरते तेव्हा दुकान कोणत्या देवाचे नाव घेऊन उघडले होते, हे ते विचारत नाही.

आता उजव्या हाताला पाहा. जुने नाशिक टेकड्यांवर वसलेले आहे. नऊ शिखरे म्हणून ‘नवशिख’ आणि त्यावरून नाशिक, अशी एक व्युत्पत्ती सांगतात. दुसरी शूर्पणखेच्या नाकाची, ती सर्वांना ठाऊक आहे. या टेकड्यांमध्ये दिल्ली दरवाजा, काझीपुरा, पिंजारघाट ही नावे आहेत. पिंजारी म्हणजे कापूस पिंजणारे, आपल्यातलीच कष्टकरी जमात. तिच्या नावाने वाट नदीकडे उतरते. वर बडी दर्गा, हजरत सय्यद सादिकशाह हुसैनी यांची. सोळाव्या शतकात ते मदिनेहून हिंदुस्थानात आले आणि फिरत फिरत अखेर नाशिकला राहिले, अशी परंपरा आहे.

मोगल अमलात या शहराचे नाव गुलशनाबाद होते. गुलशन म्हणजे बाग, आबाद म्हणजे वसलेले. आज हे नाव उच्चारले की काहींच्या कपाळाला आठ्या पडतात, जणू कोणी नामांतराचा अर्ज घेऊन आले आहे. आपल्यातले काही उलट टोकाला जातात आणि गुलशनाबाद म्हणताना हरवलेल्या राज्याचा उसासा टाकतात. दोघांनीही नाशिकच्या टांकसाळीतले पेशवाईतले रुपये पाहावेत. राज्य मराठ्यांचे, अक्षरे फारसी, नाव दिल्लीच्या बादशहाचे आणि टांकसाळ ‘गुलशनाबाद’. व्यवहारात चालणाऱ्या नाण्यावर पेशव्यांना ते नाव खटकले नाही. बाजारातला माणूस नाशिक म्हणत होता, नाणे गुलशनाबाद म्हणत होते, आणि सौदा होत होता.

आपली नाव अजून थोडी खाली जाते, आणि इथे मला नावाड्याला सांगायचे आहे की वल्ही थांबव. उजव्या काठावर मातीचा उंच कडा दिसतो. ही जुनी मातीची गढी. लोक तिला काझीची गढी म्हणतात. रस्त्याने आलात तर दाटीवाटीची वस्ती आणि अरुंद बोळ दिसतात, आपण टेकाडावर आहोत हे धड कळतही नाही. नदीकडून मात्र गढीचा कापलेला भाग समोर येतो. एखाद्या जाड बाडाच्या कडेला पानांच्या रेघा दिसाव्यात तसे मातीचे थर.

१९५०-५१ मध्ये ह. धी. सांकळिया आणि शां. भा. देव यांनी या गढीचे उत्खनन केले. अहवाल १९५५ मध्ये डेक्कन कॉलेजने प्रसिद्ध केला. तळाशी ताम्रपाषाण युगातली वस्ती. त्यावर इसवी सनाआधीची शतके. त्यावर रोमशी व्यापार चालत होता त्या काळातली भांडी. आणि सर्वात वरच्या कालखंडाला त्यांनी नाव दिले ‘मुसलमान-मराठा’. मध्ये एक जोडरेघ. पुस्तकांत आपण हे दोन काळ एकमेकांवर चालून जाणाऱ्या दोन फौजांसारखे शिकतो आणि, मी शिक्षक म्हणून सांगतो, शिकवतोही. फौजा खऱ्याच होत्या, लढायाही खऱ्या. पण चूल, मडके आणि तुटलेली बांगडी हाती आली तेव्हा शास्त्रज्ञांनी त्या काळाला एकच नाव दिले.

ही गढी दर पावसाळ्यात ढासळते. नदीच्या बाजूची माती सुटते आणि कडेच्या घरांखालची जमीन जाते. गोरगरिबांची वस्ती आहे ही. जून आला की त्यांना घरे सोडण्याच्या नोटिसा मिळतात, पाऊस वाढला की तात्पुरत्या निवाऱ्यात हलवले जाते, पाऊस ओसरला की माणसे परत येतात. संरक्षक भिंतीची मागणी जुनी आहे. प्रत्येक ढासळण्यासोबत कोणाच्या तरी घराची भिंत जाते आणि नाशिकच्या हजारो वर्षांचा एक थरही पाण्यात जातो. पुरातत्त्वाचा प्रश्न आणि झोपडीचा प्रश्न इतक्या नेमकेपणाने एकाच कड्यावर उभे असलेले दुसरे ठिकाण या शहरात मला माहीत नाही. गढी वाचवायची तर माणसांना हुसकावून लावायचे असा सोपा मार्ग कोणी सुचवील, म्हणून आधीच सांगतो, त्यांना पक्की, सुरक्षित आणि जवळची घरे देणे हा गढी वाचवण्याचाच पहिला भाग आहे. रोजगार, शाळा, मशीद-मंदिर सगळे ज्यांचे इथे आहे, त्यांना गावाबाहेर टाकून जपलेला वारसा कोणाच्या कामाचा?

सिंहस्थाच्या निमित्ताने घाटांवर दगड बसतील, दिवे लागतील. त्या यादीत या कड्याचा आधार यावा, त्याच्या थरांची माहिती देणारा मराठी, हिंदी आणि उर्दू फलक यावा, एवढी मागणी कोणत्याही धर्माच्या नाशिककराने करायला हरकत नाही.

आपल्या लोकांसाठी एक जास्तीचे काम आहे. जुन्या नाशकातल्या कितीतरी घरांत सनदा, कज्जाचे कागद, निकाहनामे, वंशावळी पडून असतील. मोडीतले वाचणारे थोडे, फारसीतले वाचणारे त्याहून थोडे. ज्यांच्या घरी असे कागद आहेत त्यांनी ते रद्दीत जाण्याआधी त्यांचे नीट फोटो काढून ठेवावेत. कबरींवरचे, दर्ग्यांवरचे लेख रंगाखाली गेले असतील तर नवा रंग देण्याआधी कोणा जाणकाराला बोलवावे. उर्दू शाळांतली मोठी मुले लिपी ओळखतात, त्यांना सोबत घ्यावे. गढीचा थर वाचवणे महापालिकेच्या आणि सरकारच्या हातात आहे. हा कागदाचा थर आपल्या पेट्यांत आहे, आणि त्याला पाऊस लागायचीही गरज नाही, एक वाळवी पुरते.

बोट येईल तेव्हा येईल. तोवर दिवाळीच्या सुट्टीत मुलांना घेऊन समोरच्या काठावर जा आणि तिथून गढीकडे पाहा. कोणता थर कोणाचा, हे त्यांना आधी सांगू नका. किती थर दिसतात ते मोजायला सांगा.