शत्रूच्या घरचे पारितोषिक

विद्वानाचा मान सर्व देशांत होतो, असे आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. पण मान देणारा देश आपल्या देशाशी लढत असेल, तर विद्वानाने तो घ्यावा काय? विद्युत्-रसायनशास्त्र बाल्यावस्थेत असतानाच हा प्रश्न एका इंग्रज शास्त्रज्ञापुढे उभा राहिला.

इ. स. १८०० मध्ये इटलीतील व्होल्टाने जस्ताच्या व चांदीच्या चकत्या, मध्ये खारट पाण्यात भिजविलेले पुठ्ठे घालून, एकावर एक रचल्या आणि त्या चळतीतून विजेचा अखंड प्रवाह मिळविला. पुढील वर्षी पॅरिसमध्ये त्याने हे प्रयोग नेपोलियनपुढे करून दाखविले. प्रसन्न झालेल्या नेपोलियनने १८०२ मध्ये दोन पारितोषिके ठेवली. फ्रँकलिन व व्होल्टा यांच्या तोडीच्या शोधाला ६०,००० फ्रँक, आणि दरसालच्या उत्तम प्रयोगाला ३,००० फ्रँक. ती कोणत्याही राष्ट्राच्या माणसाला खुली होती. तेव्हा इंग्लंडशी तह होता. पुढच्याच वर्षी तो मोडला.

२० नोव्हेंबर १८०६ रोजी लंडनच्या रॉयल सोसायटीपुढे हंफ्री डेव्हीचे व्याख्यान झाले. विजेने संयुगे फुटतात तेव्हा हायड्रोजन व धातू ऋण टोकाकडे, तर ऑक्सिजन व आम्ले धन टोकाकडे जातात, हे दाखवून त्याने असा तर्क मांडला की, रासायनिक आकर्षण आणि वीज यांचे मूळ एकच असावे. दुसऱ्याच दिवशी बर्लिनहून नेपोलियनचे फर्मान सुटले की, ब्रिटिश बेटांशी सर्व व्यापार व पत्रव्यवहार बंद! तरीही तो निबंध पॅरिसला पोहोचला, आणि तेथील इन्स्टिट्यूटने १८०७ सालचे ३,००० फ्रँकांचे पारितोषिक डेव्हीला दिले.

शत्रूचे द्रव्य त्याने घेऊ नये, असे इंग्लंडातील वृत्तपत्रांत छापून आले. डेव्हीचे म्हणणे असे की, युद्ध सरकारांचे आहे, शास्त्रज्ञांचे नव्हे. १८१३ मध्ये, युद्ध चालूच असता, नेपोलियनच्या परवानगीने तो पॅरिसला गेला. बरोबर मदतनीस म्हणून पुस्तकबांधणी शिकलेला एक तरुण होता. त्याचे नाव मायकेल फॅरेडे. किती वीज वाहिली म्हणजे किती पदार्थ सुटतो, याचे नियम पुढे त्यानेच बसवून दिले.

डेव्हीच्या धैर्याची वाखाणणी नेहमी होते. परंतु ज्या राजधानीत इंग्लंडला पत्र पाठविणेही गुन्हा ठरले होते, तेथे बसून इंग्रजाच्या कामाला पहिला मान देणाऱ्या परीक्षकांचे धैर्यही आपण विसरता कामा नये. नियम शांततेत केला होता. तो पाळला गेला युद्धात.