तेजस शिरसे : देवगाव रंगारी ते १३.४१ सेकंद

तेजस अशोक शिरसे (जन्म २००२) हा ११० मीटर अडथळा शर्यतीत धावणारा महाराष्ट्राचा धावपटू. त्याचे गाव देवगाव रंगारी, तालुका कन्नड, जिल्हा छत्रपती संभाजीनगर. २२ मे २०२४ रोजी फिनलंडमधील युवास्कुला येथील मोटोनेट ग्रांप्री स्पर्धेत त्याने हे अंतर १३.४१ सेकंदांत पार केले आणि नवा राष्ट्रीय विक्रम केला. आधीचा १३.४८ सेकंदांचा विक्रम सिद्धांत थिंगलाया याच्या नावावर २०१७ पासून होता. विक्रम केला तेव्हा तेजसचे वय २१ होते, म्हणजे बहुतेक मुले पदवीच्या शेवटच्या वर्षात असतात तेवढे.

मराठवाड्यातून मोठा धावपटू आला की तो बहुधा लांब पल्ल्याचा असतो. आष्टी तालुक्यातल्या मांडव्याचा अविनाश साबळे ३००० मीटर स्टीपलचेसमध्ये ऑलिम्पिकच्या अंतिम फेरीपर्यंत गेला. परभणीच्या ज्योती गवते मॅरेथॉनमध्ये नावाजल्या. लांब पल्ल्याची सुरुवात तरी कच्च्या रस्त्यावर, पहाटे, घड्याळ हातात घेऊन करता येते. अडथळ्यांच्या शर्यतीला मात्र पहिल्या दिवसापासून सामान लागते : आखलेला ट्रॅक, स्टार्टिंग ब्लॉक, खिळ्यांचे बूट आणि ओळीने मांडलेले दहा हर्डल. शिवाय ते नेमके कुठे मांडायचे हे ठाऊक असलेला प्रशिक्षकही हवा.

ही नेमकी मापे अशी. पहिला अडथळा सुरुवातीच्या रेषेपासून १३.७२ मीटरवर. त्यानंतर प्रत्येक दोन अडथळ्यांत ९.१४ मीटर आणि शेवटच्या अडथळ्यापासून अंतिम रेषेपर्यंत १४.०२ मीटर. पुरुषांच्या गटात अडथळ्याची उंची १०६.७ सेंटिमीटर, म्हणजे साडेतीन फूट. पहिल्या अडथळ्यापर्यंत सात किंवा आठ पावले, आणि पुढे प्रत्येक वेळी तीनच. चौथे पाऊल घ्यावे लागले तर लय गेली, आणि पाय बदलून उडी घ्यावी लागते. त्यामुळे खेळाडू अडथळ्यावरून 'उडत' नाही, तो शक्य तितक्या खालून, धावण्याचाच भाग म्हणून ओलांडतो. अडथळा पायाला लागून पडला तरी धावपटू बाद होत नाही (मुद्दाम पाडला तर होतो). फक्त वेळ जातो, आणि इथे वेळेखेरीज दुसरे काही नसतेच.

शाळेतून महाविद्यालयात येणाऱ्या मुलाची खरी अडचण उंचीची आहे. १८ वर्षांखालील गटात अडथळा ९१.४ सेंटिमीटरचा असतो, २० वर्षांखालील गटात ९९ सेंटिमीटरचा आणि खुल्या गटात १०६.७ चा. दोन-तीन वर्षांत अर्धा फूट वाढ! शालेय स्पर्धांत चमकलेली अनेक मुले या टप्प्यावर मागे पडतात, आणि तेव्हाच अभ्यासाचाही जोर असतो. नांदेड-लातूरकडे तर हे जास्तच जाणवते. 'लातूर पॅटर्न'मुळे अकरावी-बारावी म्हणजे शिकवणी आणि वैद्यकीय प्रवेशाची तयारी, हे समीकरण तिथे घट्ट झाले आहे. वेगाचा पाया पक्का करण्याचे वयही सोळा ते अठरा हेच.

तरीही जो टिकतो, त्याच्यासाठी वाट आखलेली आहे. नांदेड, लातूर, परभणी आणि हिंगोली हे जिल्हे स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठाच्या (स्थापना १९९४) कक्षेत येतात. तिथला विद्यार्थी आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेतून विद्यापीठाच्या संघात जातो. पुढे राज्यातल्या विद्यापीठांचा 'अश्वमेध' क्रीडा महोत्सव, मग अखिल भारतीय आंतरविद्यापीठ स्पर्धा, आणि तिथल्या कामगिरीवर २०२० मध्ये सुरू झालेल्या खेलो इंडिया विद्यापीठ स्पर्धा. या सगळ्याला पंचविशीची वयोमर्यादा आहे. राज्य सरकारच्या नोकऱ्यांत खेळाडूंसाठी ५ टक्के आरक्षण आहे, पण तिथे विचारले जाते ते पदकाचे प्रमाणपत्र. वेळ कितीही चांगली असली तरी चौथ्या आलेल्याच्या हाती फार काही पडत नाही.

तेजसच्या बाबतीत निर्णायक ठरले ते भुवनेश्वर. तिथल्या रिलायन्स फाउंडेशनच्या केंद्रात ब्रिटिश प्रशिक्षक जेम्स हिलियर यांच्याकडे तो सराव करू लागला. शंभर मीटर अडथळा शर्यतीतील ज्योती याराजी हिलियर यांचीच शिष्या. दोघांनाही युरोपातल्या स्पर्धांत उतरवले गेले. कारण साधे आहे : भारतात या प्रकारात अटीतटीची शर्यत क्वचितच होते, आणि शेजारच्या लेनमध्ये कुणी पुढे असल्याशिवाय शेवटचे दोन-तीन शतांश सेकंद निघत नाहीत. युवास्कुलाला त्याच दिवशी ज्योतीने १२.७८ सेकंदांची वेळ देऊन स्वतःच्या राष्ट्रीय विक्रमाशी बरोबरी केली. ऑलिम्पिकची थेट पात्रता तिच्यापासून एका शतांश सेकंदाने हुकली.

तेजसची पात्रता थोडी दूर होती. पॅरिससाठी पुरुषांची पात्रता वेळ १३.२७ सेकंद, म्हणजे ०.१४ सेकंदाचे अंतर. तेजसच्या सरासरी वेगाने हिशेब केला तर हे सव्वा मीटरपेक्षाही कमी भरते. थेट पात्रता न मिळाल्यास जागतिक क्रमवारीतून जाण्याचा दुसरा मार्ग असतो. या शर्यतीत एकूण ४० जागा होत्या. ज्योती त्या मार्गाने पॅरिसला गेली. तेजसला तो मार्गही मिळाला नाही. पॅरिसमध्ये सुवर्ण जिंकणाऱ्या अमेरिकेच्या ग्रँट हॉलोवेची वेळ १२.९९ होती आणि जागतिक विक्रम १२.८० सेकंदांचा आहे (एरिस मेरिट, २०१२). राष्ट्रीय विक्रम आणि जागतिक दर्जा यांतली दरी यावरून कळते. आपल्याकडच्या बातम्यांत ती सहसा सांगितली जात नाही.

२०२५ च्या सुरुवातीला त्याने युरोपात बंदिस्त मैदानावरील ६० मीटर अडथळा शर्यतीतला राष्ट्रीय विक्रम सुधारला. फेब्रुवारीत उत्तराखंडमधील राष्ट्रीय क्रीडा स्पर्धेत महाराष्ट्रासाठी ११० मीटरचे सुवर्ण जिंकले. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये टोकियोच्या जागतिक अजिंक्यपद स्पर्धेसाठी तो भारतीय संघात होता. तिथे त्याची धाव प्राथमिक फेरीत थांबली.