मूर्तिजापूरची लहान गाडी

मूर्तिजापूरची लहान गाडी निघाली ती मुख्यतः कापसाकरितां. किलिक निक्सन या ब्रिटिश व्यापारी पेढीनें हा अडीच फुटी मार्ग उभारला. एकीकडून यवतमाळचा, दुसरीकडून अचलपूरचा कापूस अकोला जिल्ह्यांतील या जंक्शनावर येई. तेथून मोठ्या गाडीनें मुंबईस, आणि पुढें विलायतेस. लोकांनीं या गाडीला नांव मात्र अगदीं घरगुती दिलें, ‘शकुंतला’. तिचें वाफेचें इंजिन मँचेस्टरला १९२१ सालीं तयार झालें. कापूस जिकडे गेला, तिकडूनच इंजिन आलें म्हणावयाचें! १९२३ पासून तें सत्तर वर्षें राबलें. १५ एप्रिल १९९४ रोजीं त्याच्या जागीं डिझेल आलें.

श्रोत्यांस वाटेल, आतां गाडीचे दिवस पालटले असतील. तसें घडलें नाहीं. वाटेंत पाणी भरण्याचा खोळंबा गेला खरा, परंतु रूळ जुनेच, म्हणून चालही जुनीच. कापूस तर ट्रकनें जाऊं लागला होता. शेजारच्या मुंबई-नागपूर मार्गावर विजेच्या गाड्या भरधाव धांवूं लागल्या, आणि इकडे शकुंतलेच्या फेऱ्या अखेर बंद पडल्या. दर्यापूर-अंजनगांवच्या मजुराला इंजिन कोणतें, याची फिकीर कधींच नव्हती. थोडक्या पैशांत बाजार गांठतां येई, एवढेंच त्याला ठाऊक होतें.